साडेतीन वाजता, पुलाखाली

आपल्या मंडळाच्या दिवाळी अंकाचे संपादक दरवर्षी मला फोन करतात आणि म्हणतात, "वहिनी, तुमचं ते प्रवासाचं पान." मीही दरवर्षी देते. पासपोर्टच्या झेरॉक्स दोन वेगळ्या बॅगांत ठेवा, गुडघे दुखत असतील तर बूट नवे घेऊ नका, खाकरे घ्या पण लोणच्याची बरणी घेऊ नका. असलं ते पान. यंदा मी म्हटलं, पान नको, जरा मोठं देते. ते खूश झाले. काय देणार हे मी सांगितलं नाही. सांगितलं असतं तर लिहिण्याचा धीरच झाला नसता. मी मुळात कमी बोलणारी. टूर लीडर आणि कमी बोलणारी, हे ऐकून लोक हसतात. पण हातात माइक आला की जी बोलते ती कामावरची बाई असते. घरी आले की मी भाजी निवडते आणि गप्प असते.

दोन वर्षं एका गोष्टीबद्दल जरा जास्तच गप्प होते.

दोह्यात मुशैरिबमधल्या आमच्या ट्रॅव्हल ऑफिसात मी अकरा वर्षं तिकिटांच्या काउंटरवर बसले. ईदची सुट्टी जवळ आली की दोह्यातली मराठी कुटुंबं आमच्याकडे येतात. मुलांना चार-पाच दिवस मोकळे असतात, गावाहून आईवडील आलेले असतात, आणि सगळ्यांना एकत्र कुठेतरी जायचं असतं. त्यांच्या ग्रुपबरोबर नेहमी एखादा पुरुष जायचा. मी मॅनेजरच्या मागे लागले होते, मला पाठवा. ते म्हणायचे, "मॅडम, टिकट बनाना अलग, ग्रुप संभालना अलग." शेवटी दोन वर्षांपूर्वी रमजान ईदच्या सुट्टीत चीनचा ग्रुप निघाला आणि नेणारा माणूस ऐन वेळी आजारी पडला. मॅनेजरांनी माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "यल्ला, जाओ. लेकिन एक भी कंप्लेंट आयी तो वापस काउंटर."

अडतीस माणसं आणि मी. रात्रभर झोप नव्हती, तरी शांघायच्या विमानतळावर उतरले तेव्हा मी जवळजवळ पळत होते. पळण्याचं एक कारण तिथेच मिळालं. आमच्यातल्या एका काकूंनी बॅगेत दोन लिटरचा कुकर आणला होता, आणि तपासणीच्या टेबलावर दोन अधिकारी त्याच्याकडे पाहत उभे होते. भाषा नाही. मी झाकण लावलं, शिट्टी वर ठेवली आणि तोंडाने शिट्टी वाजवून दाखवली. एकदा, दोनदा, तीनदा. मग दोन बोटांनी वरण-भात जेवून दाखवला. दोघांपैकी बाई खळखळून हसली आणि तिने कुकरवर हात थोपटून तो परत दिला. काकू म्हणाल्या, "तीन नाही हो, माझ्या कुकरला चार लागतात." मला वाटलं, जमलं. मी ह्याच कामासाठी जन्मले होते आणि अकरा वर्षं उगाच काउंटरवर बसले.

बाहेरच्यांना वाटतं, टूर लीडर म्हणजे झेंडा धरून इतिहास सांगणारी बाई. इतिहास स्थानिक गाइड सांगते. आमच्याबरोबर लिली नावाची पंचविशीची मुलगी होती, ती सांगायची. माझं काम होतं मोजणं. बसमध्ये मागून पुढे येताना डोकी मोजायची, मग पुढून मागे जाताना पुन्हा मोजायची, आणि दोन्ही आकडे जुळल्याशिवाय ड्रायव्हरला अंगठा दाखवायचा नाही. नावं पुकारायची नाहीत, कारण नावाला कोणीही, कोणासाठीही "हो" म्हणतं. डोकं असतं किंवा नसतं. हे मला काउंटरवर असल्यापासून पाठ होतं.

तिसऱ्या दिवशी आम्ही झूच्याच्याओला गेलो. शांघायपासून तासाभरावरचं जुनं गाव, पाण्यावरचं. आमच्या कोणाच्याच तोंडात ते नाव बसेना, म्हणून बसमध्येच त्याचं झुझुगाव झालं. रस्त्यांच्या जागी कालवे, दोन्ही काठांना पांढऱ्या भिंतींची आणि काळ्या कौलांची घरं, पाण्यात उतरणाऱ्या पायऱ्या, आणि दर पन्नास पावलांवर एक दगडी पूल. सगळ्यांत मोठा पूल पाच कमानींचा. त्याच्या पायथ्याशी बायका पाण्याने भरलेल्या पिशव्यांत लाल मासे घेऊन बसतात. लोक ते घेतात आणि पुलावरून पाण्यात सोडून देतात. जीव सोडला की पुण्य लागतं, म्हणून. पुलाचं नावच तसं आहे, असं लिलीने सांगितलं. आमच्या बायकांनी लगेच पदर खोचले. एका भाबींनी विचारलं, "आणि खाली जाळं लावून परत पकडत असतील तर?" लिली हसली आणि पुढे निघाली.

दोहा सोडून पाण्याच्या गावात आलेल्या माणसांचं काय होतं, हे पाहण्यासारखं असतं. आपल्याकडे समुद्र आहे, त्याच्या काठाने फिरायला कॉर्निश आहे, पण घराच्या उंबऱ्याला लागून वाहणारं हिरवं पाणी नाही. मुलं ओरडत होती. मोठी माणसं ओरडत होती. नावाडी बायका वल्ही मारताना गात होत्या आणि आमचे इंजिनिअर लोक त्यांना टाळ्या वाजवून साथ देत होते. मी पुढच्या नावेत बसले होते, आणि माझ्याच नावेत आबा होते.

आबा म्हणजे संदीपचे वडील. संदीप रास लफानच्या गॅस प्लँटमध्ये नोकरीला आहे, राहतो जवळच अल खोरला. बायको प्राजक्ता, मुलगी रिया, तेव्हा दहा वर्षांची; ती तिघं मागच्या नावेत होती. आबा राहात्याकडचे. पाटबंधारे खात्यात चौतीस वर्षं पाटकरी होते. पाटकरी म्हणजे कालव्याचं दार उघडणारा आणि बंद करणारा माणूस. कोणाच्या शेताला किती वाजता पाणी सुटायचं आणि किती वाजता तुटायचं, हे कागदावर ठरतं; पण ते घडवतो पाटकरी. पांढरी टोपी, संदीपने घेतलेलं निळं जाकीट, आणि मनगटावर चावीचं जुनं घड्याळ. अल खोरच्या बकाल्यात, म्हणजे कोपऱ्यावरच्या वाण्याकडे, जाऊन जाऊन त्यांनी एक अरबी शब्द उचलला होता. जेवण झालं की म्हणायचे, "खलास." नाव काठाला लागली की, "खलास."

बाकीचे सगळे पूल बघत होते. आबा पाणी बघत होते. काठावरच्या दगडावर हिरव्या शेवाळाची रेघ होती, तिच्याकडे बोट दाखवून म्हणाले, "ताई, ह्या पोरीला विचारा बरं, हे पाणी एवढं सरळ कसं? पाऊस झाला की चढत नाही? कुठंतरी दार असणार ह्याला." मी लिलीला विचारलं. तिने जरा आश्चर्याने सांगितलं, हो, आहे, गावाच्या कडेला, शेवटच्या पुलाच्या पुढे, दहा-पंधरा मिनिटं चालत. आजवर कोणा टुरिस्टने विचारलं नव्हतं.

आबांचा चेहरा मी कधी विसरणार नाही. सत्तर वर्षांचा माणूस नावेत उभा राहायला लागला. नावाडीण ओरडली.

"ताई, जाऊन येऊ का? मला पूल-बील नको. दार बघतो. वेळ सांगा फक्त."

"साडेतीन वाजता," मी म्हटलं. "मोठ्या पुलाखाली. तिथून सगळे मिळून बसकडे जाऊ."

त्यांनी आपलं मनगट माझ्या मनगटाशेजारी धरलं, दोन्ही घड्याळं जुळवली, चावी एक पीळ फिरवली. नाव काठाला लागली. "साडेतीन. पुलाखाली." आणि गेले. टोपी गर्दीत दिसत राहिली, मग दिसेनाशी झाली. तेव्हा दीड वाजला होता.

आता ह्या धंद्यातली एक गोष्ट सांगते. ती बऱ्याच जणांना ठाऊक असते, पण कोणी बोलत नाही. अशा टूरमध्ये दिवसाला एक दुकान असतं. मोती, चहा, रेशीम. तिथे ग्रुप न्यावाच लागतो, कारण टूर त्याच बोलीवर ठरलेली असते. त्या दिवशी रेशमाचं दुकान होतं, शांघायच्या वाटेवर. अडीच वाजता लिलीला तिकडून फोन आला. चारनंतर दुसरा मोठा ग्रुप येणार, तुम्ही आधी या. लिली माझा हात धरून म्हणाली, "मॅडम, प्लीज. थ्री ओ'क्लॉक. नो थ्री थर्टी."

मी ग्रुपवर मेसेज टाकला. 'वेळ बदलली आहे. तीन वाजता थेट बस पार्किंगला या.' आपल्याकडे सगळं व्हॉट्सॲपवर चालतं. मंडळाचं हळदीकुंकू असो की गाडीत सोबत मागायची असो. एकेका कुटुंबातला एक माणूस ग्रुपवर असला की कुटुंबाला कळलं असं आपण धरतो. आबा ग्रुपवर नव्हते. बाकीच्यांची दोह्याची सिमं चीनमध्ये चालत होती; त्यांच्या फोनमध्ये भारतातलं सिम होतं आणि ते तिथे चालत नव्हतं.

मला तेव्हा आबा आठवले होते का? हा प्रश्न मी स्वतःला फार वेळा विचारला आहे, आणि प्रत्येक वेळी वेगळं उत्तर देऊन स्वतःची सुटका केली आहे. आज खरं लिहिते. आठवले होते. मेसेज टाकताना मी शेवटच्या पुलाच्या दिशेने पाहिलं. दहा-पंधरा मिनिटं जायला, तेवढीच यायला. तेवढ्यात संदीपच्या नावापुढे मेसेज वाचल्याची निळी खूण आली. मी म्हटलं, सांगेल तो. आणि वळले.

पार्किंगला पळापळ होती. म्हाताऱ्या माणसांना बॅटरीच्या छोट्या गाड्यांतून आणत होते, कोणी चालत येत होते, कोणाचा पंखा दुकानात राहिला होता. लिली दारात उभी राहून "गो, गो" करत होती. मी डोकी मोजली नाहीत. उभी राहून कुटुंबं पुकारली. "चौधरी?" "आलो!" "सबनीस?" "आलो हो, केव्हाचे!" संदीपचं नाव घेतलं तेव्हा तो फोनवर होता. ईदच्या सुट्टीतही प्लँटमधून फोन यायचाच. त्याने न बघता अंगठा वर केला. आबा रोज पुढच्या सीटवर म्हाताऱ्या मंडळींत बसायचे, त्याला वाटलं बसले असतील. मी तो अंगठा पाहिला आणि ड्रायव्हरला माझा दाखवला.

तीन वाजून पाच मिनिटांनी बस निघाली. बसमध्ये गाणी चालली होती, भेंड्या. मीही गायले.

रेशमाच्या दुकानात शिरताना प्रत्येकाच्या छातीवर एक गोल स्टिकर लावतात. मोजून अडतीस स्टिकर लिलीने माझ्या हातात दिले. मी लावत गेले. सगळे आत गेले, आणि माझ्या बोटाला एक स्टिकर चिकटून राहिला.

मी दारातूनच आतली डोकी मोजली. सदतीस. संदीप आतून धावत बाहेर आला, कारण प्राजक्ताने त्याला विचारलं होतं, बाबा कुठे? "मॅडम, बाबा? बाबा तुमच्याबरोबर होते ना? मला वाटलं... तुम्ही त्यांना सांगितलं होतं ना तीनचं?"

"हो," मी म्हटलं. "मी स्वतः सांगितलं होतं. तीन वाजता."

किती सहज निघालं तोंडून. मागच्या अकरा वर्षांत मी तिकिटात एक अक्षर चुकवलं नव्हतं.

संदीपला माझ्याबरोबर यायचं होतं. मी म्हटलं, नको, हॉटेलवरून फोन आला तर तुझ्याच फोनवर येईल, रिया रडते आहे, तू थांब, मी घेऊन येते. ऐकायला शहाणपणाचं वाटलं. खरं म्हणजे मला तो टॅक्सीत नको होता. आबा त्याच्यासमोर काय बोलतील, ही भीती होती.

टॅक्सीवाल्याला इंग्लिशचा गंध नव्हता. मी फोनमध्ये बोलायचे, फोन चिनीत बोलायचा, तो मान हलवायचा. "माणूस हरवला आहे, वडील आहेत," मी फोनला सांगितलं. वडील कोणाचे, हे फोनला कळायचं कारण नव्हतं. त्या माणसाने आरशात माझ्याकडे पाहिलं आणि गाडी अशी मारली की मी दाराची कडी धरून बसले. लेन बदल, हॉर्न, पुन्हा लेन. मध्येच खिडकी खाली करून शेजारच्या ट्रकवाल्याला काहीतरी ओरडला आणि ट्रकवाल्याने चक्क जागा दिली. मी मनातल्या मनात गणपतीला, आणि त्या पाच कमानींच्या पुलाला जो कोणी देव असेल त्याला, एकदमच हात जोडले.

पावणेपाचला पोचलो. मी धावत सुटले. सकाळी ज्या गल्ल्यांतून मी झेंडा धरून ऐटीत चालले होते त्याच गल्ल्या, पण आता उलट्या वाटत होत्या. पानांत बांधलेला वाफाळता भात, लालभडक मांसाचे ढीग, पंख्यांची दुकानं, सेल्फी काढणाऱ्या मुली. एका छोट्या पुलावर मी चुकीच्या बाजूला उतरले, परत चढले. कोणाच्या तरी हातातल्या आइस्क्रीमला माझी ओढणी लागली. आणि मग मोठा पूल आला, आणि पुलाखाली पांढरी टोपी.

आबा उभे होते. दोन्ही हातांत माशांच्या पिशव्या धरून. मासेवालीने त्यांना बसायला स्टूल दिलं होतं, ते रिकामंच होतं. आणि तिला हात मोकळे हवेत म्हणून ते तिच्या पिशव्या धरून उभे होते. टोपीमुळे लोक त्यांच्याबरोबर फोटो काढत होते. तिचा धंदा त्या दिवशी जोरात झाला असणार.

"या ताई," आबा म्हणाले. "साडेतीनला दहा कमी असतानाच आलो मी. कोणी दिसलं नाही. म्हटलं, काहीतरी अडचण आली असंल. पण जागा नाही सोडली. जागा सोडली की चुकामूक होती."

मला रडू आलं. त्यांना वाटलं, दम लागला. मासेवालीने मला तेच स्टूल पुढे केलं.

परतीच्या टॅक्सीत आबा बोलायचे थांबायलाच तयार नव्हते. "अहो ताई, दार काय आहे! विजेवर चालतं, बटणावर. पण बाजूला हाताचं चाक ठेवलंय बघा, जुनं. मी चाकाला हात लावला तर आतनं एक बाबा आला, माझ्याएवढाच. मला वाटलं हाकलतो. मी असं करून दाखवलं," त्यांनी दोन्ही हातांनी हवेत चाक फिरवलं, "आणि छातीला बोट लावलं. म्हटलं, मीपण. मीपण! त्याला कळलं! हसायला लागला. आत नेलं. नुसत्या पाल्याचा चहा दिला, साखर नाही, काही नाही. भिंतीवर पाण्याची पट्टी, आकडे आपलेच. मी दोन बोटं दाखवली, दोन बोटं पाणी चढलंय म्हणून. तर त्याने वहीच काढली. वहीत काय, ताई, सांगा?"

"काय?"

"वेळ, पातळी, सही! तीन रकाने. चिनी लिहिलेलं, पण वाचता येतंय की मला. चौतीस वर्षं तेच लिहिलं मी. मला चाक दोन फेरे फिरवू दिलं त्याने. चीनचं पाणी सोडलं मी आज, दोन फेरे." आणि आपल्याच तळव्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, "आपली ती वेळ का बदलली?"

"मी मेसेज टाकला होता, आबा. ग्रुपवर. तुम्हाला पोचला नाही."

"तसा नाही पोचत." रागाने नाही, कामाचं बोलावं तसे बोलले. "आमच्यात पाण्याची पाळी बदलली ना, की माणूस धाडायचा. पायी धाडायचा. आणि ज्याला निरोप दिला त्याची सही घ्यायची, खाली वेळ घालायची. सही नाही तर निरोप पोचला नाही. मग कोणाचं रान वाळलं तर जबाबदार आपण."

तेव्हाच मी बोलले. आता नाही तर कधीच बोलता येणार नाही, असं वाटलं. म्हणाले, आबा, मी संदीपला सांगितलं आहे की तुम्हाला तीनच सांगितलं होतं. ही माझी पहिली टूर आहे. तक्रार गेली तर शेवटची. तुम्ही म्हणाल का, की तुमच्याच लक्षात राहिलं नाही?

 आबांनी मनगटावरच्या घड्याळावर अंगठा ठेवला, काच झाकली जाईल असा.

"बरं," म्हणाले.

संध्याकाळी सातला आम्ही भारतीय हॉटेलात जेवायला जमलो. आबा दारात आले तेव्हा टाळ्या वाजल्या. संदीपने त्यांना मिठी मारली आणि मग सगळ्यांसमोर ओरडला. भीती गेल्यावर माणूस ओरडतोच. "बाबा, तीन म्हणजे तीन! घड्याळ कशाला घालता मग? शोभेला?"

"चुकलं रे. ध्यानात नाही राहिलं."

रिया म्हणाली, "आबा, यू हॅव टू स्टे विथ अस ना. प्रॉमिस?"

"प्रॉमिस," आबा म्हणाले. मी माइक न घेताच बसले होते. कुकरवाल्या काकू माझ्या कानात म्हणाल्या, "बिचाऱ्यांचं वय झालंय. तू मात्र कमाल केलीस हो."

दुसऱ्या दिवशी आबांच्या हातात घड्याळ नव्हतं. रिया त्यांचा हात धरून चालत होती. आमच्या ऑफिसचं ओळखपत्र, ज्यावर माझा मोबाइल नंबर असतो, ते सगळ्यांनी पहिल्याच दिवशी बॅगेत टाकलं होतं. संदीपने आबांचं शोधून काढून त्यांच्या गळ्यात अडकवलं. बीजिंगच्या मोठ्या भिंतीपाशी आबा बसमध्येच बसून राहिले.

एकही तक्रार आली नाही. मॅनेजरांनी मला पुढची टूर दिली, मग त्यापुढची. आज मी दोह्यातल्या बऱ्याच मराठी घरांची टूरवाली वहिनी आहे, आणि त्याचा मला अभिमान आहे, तो खोटा नाही. म्हणूनच जास्त टोचतं.

मग बातम्या तुकड्यातुकड्याने येत गेल्या. संदीपने आबांना डॉक्टरकडे नेलं. स्मरणशक्तीच्या तपासण्या झाल्या. डॉक्टर म्हणाले, तसं काही दिसत नाही, पण वय आहे, लक्ष ठेवा. एवढं 'लक्ष ठेवा' पुरलं. आबा गावी एकटे राहायचे, ते बंद झालं. संदीपने त्यांना कायमचं अल खोरला आणलं. सकाळी समुद्रकाठी एकटे फिरायला जायचे, ते बंद झालं. घराच्या दाराला वरून कडी बसली. प्रत्येक बातमी ऐकून मी मनात म्हणायचे, काळजीपोटी करतात. आणि भाजी निवडायचे.

यंदा मंडळाच्या गणपतीत ते सगळे आले होते. आबांच्या गळ्यात आमच्याच ऑफिसचं ते जुनं ओळखपत्र होतं, पट्टा मळलेला, माझा नंबर तसाच. मी वाकून नमस्कार केला. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, डोळे बारीक केले आणि म्हणाले, "काय ताई, आज किती वाजता निघायचं?"

प्राजक्ताने मला बाजूला घेतलं. तिचे डोळे भरले होते. "पाहिलंत ना? अजून टूरवरच आहोत असं वाटतं त्यांना. त्या चायनापासूनच सुरू झालं हे सगळं."

आबांनी माझी थट्टा केली होती. शुद्ध, सरळ, राहात्याकडची थट्टा. तिथे पन्नास माणसं होती आणि त्यातल्या दोघांनाच ते कळत होतं.

पुढच्या शुक्रवारी दुपारी मी गाडी काढली आणि अल खोरला गेले. सव्वाचारला पोचले. मी टूरवर एक वही ठेवते. झुझुगावनंतर ठेवायला लागले. वेळ बदलली की मी स्वतः प्रत्येकाकडे चालत जाते, सांगते, आणि वहीत सही घेते. तरुण मुलं हसतात, 'मॅडम, थंब्स अप दिला ना ग्रुपवर!' मी म्हणते, सही कर. त्याच वहीचं नवं पान मी घरून लिहून नेलं होतं, कारण तोंडाने मला धड सांगता आलं नसतं. संदीपच्या हातात दिलं. प्राजक्ता चहा ठेवायला निघाली होती, ती थांबली.

पानावर होतं: 'आबांना मी साडेतीनची वेळ दिली होती. तीनची वेळ त्यांना कोणी कळवली नाही. माझ्या लक्षात होतं तरी मी कळवली नाही. ते तीन वाजून वीस मिनिटांनी पुलाखाली हजर होते. लक्षात राहिलं नाही असं म्हणायला त्यांना मी सांगितलं.'

संदीपने ते वाचलं. पुन्हा वाचलं. "दोन वर्षं?" एवढंच म्हणाला. माझ्याकडे बघून नव्हे.  मग तो वळला. "बाबा, तुम्ही का नाही बोललात?"

आबा सोफ्याच्या कडेला बसले होते. "कामावरची पहिली पाळी होती रे त्यांची," म्हणाले.

 आबांनी वहीकडे हात केला. "सही कर."

"बाबा..."

"निरोप घेऊन माणूस आलाय. पायी नाही, गाडीनं का होईना. सही कर."

संदीपने सही केली. आबांनी वाकून पाहिलं. "खाली वेळ घाल."

संदीप खिशात फोन शोधायला लागला. मग काय वाटलं कोण जाणे, उठून आत गेला. खणांचा आवाज आला, एक, दोन, तीन. बाहेर आला तेव्हा त्याच्या हातात घड्याळ होतं, बंद पडलेलं. आबांनी ते घेतलं. काच सदऱ्याला पुसली. मनगट माझ्या मनगटाशेजारी आणलं, काटे जुळवले, सावकाश चावी दिली. कानाशी धरलं.

"चार वाजून चाळीस मिनिटं," म्हणाले. संदीपने लिहिलं.

"खलास," आबा म्हणाले, आणि उभे राहिले. गळ्यातलं ओळखपत्र काढून त्यांनी माझ्या हातात ठेवलं. पायांत चपला सरकवल्या. "समुद्रापर्यंत जाऊन येतो. साडेपाचला येतो."

संदीप अर्धा उठला. रिया वडिलांकडे बघत होती. तो हळूच परत खाली बसला. आबांनी वरची कडी स्वतःच काढली आणि गेले.

प्राजक्ताने चहा आणला. कोणी घेतला नाही. मी उठून जायला हवं होतं, पण मला उठवेना, आणि मला जा असंही कोणी म्हटलं नाही. आम्ही चौघं दाराकडे बघत बसलो. बाहेर ऊन पिवळं झालं. संदीपने फोन उलटा करून टेबलावर ठेवला होता, तो त्याने एकदाही सरळ केला नाही.

पाच वाजून वीस मिनिटांनी बेल वाजली.